मालिका-सोबती

मालिका-सोबती : दूरचित्रवाणीवरील एखाद्या मालिकेचे सर्व भाग क्रमाने लावून प्रत्येकाची श्रेयनामावली, प्रक्षेपणाची तारीख, कथासार आणि टिपा देणारे पुस्तक. इंग्रजीत याला कंपॅनियन म्हणतात, निव्वळ भागसूची असेल तर एपिसोड गाइड. हा प्रकार १९६० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेत आणि पाठोपाठ ब्रिटनमध्ये सुरू झाला आणि प्रामुख्याने विज्ञानकथा व रहस्य या दोन प्रकारच्या मालिकांभोवती वाढला. त्याला कारण आहे. घरगुती मालिकेच्या प्रेक्षकाला पुढे काय होणार याची उत्सुकता असते, तर या दोन प्रकारांचा प्रेक्षक मागे काय सांगितले होते तेही ताडून पाहतो. मराठीत या कामाची सर्वांत जवळची ओळख दाते सूचीतून होते. शं. ग. दाते यांनी १८०० ते १९३७ या काळातल्या मराठी पुस्तकांची लावली तशीच ही सूची, फक्त पुस्तकांच्या जागी भाग.

‘स्टार ट्रेक’ या अमेरिकी अंतराळ-मालिकेवरचे स्टीफन व्हिटफील्ड यांचे ‘द मेकिंग ऑफ स्टार ट्रेक’ १९६८ मध्ये मालिका चालू असतानाच बाजारात आले. सहलेखक म्हणून त्यावर मालिकेचे निर्माते जीन रॉडेनबेरी यांचेही नाव आहे. त्यात भागांच्या यादीपेक्षा कार्यालयीन टिपणे, अंदाजपत्रक आणि सेटचे आराखडे यांचा भरणा जास्त होता. खरी सूची चाहत्यांनी केली. ब्यो ट्रिंबल यांचे ‘स्टार ट्रेक कॉन्कॉर्डन्स’ १९६९ मध्ये चाहत्यांनी स्वतः छापून वाटले आणि १९७६ मध्ये बॅलंटाइन या प्रकाशनसंस्थेने काढले. या आवृत्तीच्या मुखपृष्ठावर भाग शोधण्यासाठी फिरवायची चकती होती. मूळ काम झाले तेव्हा घरोघरी व्हिडिओ नव्हता. भाग लागला की पाहायचा, टिपून घ्यायचा आणि शंका राहिली तर पुनःप्रक्षेपणाची वाट पाहायची. त्यातही एक खाच होती. मूळचा सुमारे ५० मिनिटांचा भाग पुनःप्रक्षेपणात जास्तीच्या जाहिरातींसाठी कापलेला असे. कापलेली प्रत पाहून लिहिलेल्या कथासारात एखादा प्रसंग नसतो किंवा एखाद्या पात्राचे वागणे विनाकारण वाटते. त्या काळातल्या पुस्तकांमधल्या बऱ्याच ‘चुका’ अशा कात्रीच्या आहेत.

मार्क स्कॉट झिक्री यांच्या ‘द ट्वायलाइट झोन कंपॅनियन’ने (१९८२) या प्रकाराला घडीव रूप दिले. १९५९ ते १९६४ या काळातले सर्व १५६ भाग क्रमाने, प्रत्येकाची श्रेयनामावली, सुरुवातीचे आणि शेवटचे निवेदन, मग कथा आणि त्यावर लेखकाचे मत. मत परखड आहे. फसलेला भाग फसला असेच म्हटले आहे. पुढच्या पुष्कळ सोबत्यांनी हाच साचा उचलला, परखडपणा मात्र सगळ्यांना झेपला नाही.

क्रमाचा प्रश्न. नोंद कोणत्या क्रमाने लावायची हा या कामातला पहिला आणि सर्वांत कटकटीचा निर्णय. भागाला निदान दोन क्रमांक असतात : निर्मितीचा आणि प्रक्षेपणाचा. स्टार ट्रेकचा ‘द मॅन ट्रॅप’ ८ सप्टेंबर १९६६ रोजी पहिला म्हणून दाखवला गेला, पण त्याआधी चित्रित झालेले भाग डब्यात होते. चाचणीचा (पायलट, म्हणजे वाहिनीला नमुना म्हणून दाखवण्याचा) दुसरा भाग ‘व्हेअर नो मॅन हॅज गॉन बिफोर’ १९६५ मध्ये चित्रित होऊन २२ सप्टेंबर १९६६ रोजी तिसरा म्हणून लागला. त्यामुळे पहिल्या दोन आठवड्यांत दिसलेले डॉक्टर मकॉय तिसऱ्या आठवड्यात गायब, जागी दुसरेच डॉक्टर, आणि गणवेशही निराळे. प्रक्षेपणाच्या क्रमाने वाचणाऱ्याला ही चूक वाटते, निर्मितीच्या क्रमाने पाहिले की उलगडा होतो. २००२ च्या ‘फायरफ्लाय’ची गत तर याहून वाईट. १४ भाग बनले, वाहिनीने ११ दाखवले आणि सगळ्यांची ओळख करून देणारा दोन तासांचा पहिला भाग शेवटी लावला. ‘द प्रिझनर’चे भाग अवघे १७, तरी त्यांचा ‘योग्य’ क्रम कोणता यावर चाहत्यांचे अजून एकमत नाही. चांगला सोबती एक क्रम निवडतो, तो का निवडला ते प्रस्तावनेत सांगतो आणि दुसऱ्या क्रमाची यादी परिशिष्टात देतो. दोन्ही क्रम मिसळणारे पुस्तक हातात आले तर ते ठेवून द्यावे.

बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या विज्ञानकथा-मालिकेत क्रम सरळ आहे, भांडण नावाचे आहे. १९६३ पासून १९६६ पर्यंतच्या पहिल्या २५ कथांमध्ये पडद्यावर संपूर्ण कथेचे नाव येतच नसे. येई ते त्या आठवड्याच्या भागाचे. त्यामुळे पहिल्याच कथेला काही पुस्तके ‘ॲन अनअर्थली चाइल्ड’ म्हणतात (ते पहिल्या भागाचे नाव), काही कार्यालयीन कागदांवरून ‘१००,००० बीसी’. दुसरी कथा ‘द दालेक्स’, ‘द डेड प्लॅनेट’ आणि ‘द म्यूटंट्स’ अशा तीन नावांनी सापडते, आणि ‘द म्यूटंट्स’ या नावाची दुसरी, पूर्ण वेगळी कथा १९७२ मध्ये पडद्यावर आली. अनुक्रमणिकेत पर्यायी नावे नसतील तर वाचक चुकीच्या पानावर जातो.

साक्षीदार तीन. सोबती लिहिणाऱ्यापुढे पडदा, संहिता आणि निर्मितीचे कागद असे तीन साक्षीदार असतात आणि ते एकमेकांशी सहमत नसतात. संहितेत असलेले वाक्य चित्रीकरणात गळते. कॉल शीटवर, म्हणजे त्या दिवशीच्या चित्रीकरणाला कोणी यायचे त्या कागदावर, नाव असलेला नट त्या दिवशी आलेलाच नसतो. श्रेयनामावलीत पात्राच्या नावाचे स्पेलिंग एक, संहितेत दुसरे. पडदा अंतिम, असा या क्षेत्रातला सर्वसाधारण दंडक आहे, पण पडदाही अडचणीत आणतो. वर सांगितलेल्या चाचणीच्या भागात कॅप्टन कर्कसाठी खोदलेल्या थडग्यावर ‘जेम्स आर. कर्क’ असे स्पष्ट वाचता येते. पुढे मालिकेने त्याचे मधले अक्षर ‘टी’ ठरवले. सूचीकाराने येथे दुरुस्ती करू नये. जे दिसते ते नोंदवावे, शेजारी टीप द्यावी. त्या ‘आर’ची कारणमीमांसा करायला चाहते समर्थ आहेत.

जिथे पडदाच उरलेला नाही तिथे काम अवघड होते. बीबीसीने १९७० च्या दशकापर्यंत जुन्या टेप पुसल्या, त्यात ‘डॉक्टर हू’चे १९६० च्या दशकातले बरेच भाग गेले. अशा भागांची नोंद संहिता, चाहत्यांनी घरी ध्वनिमुद्रित केलेला आवाज आणि टेलिस्नॅप, म्हणजे प्रक्षेपण चालू असताना पडद्याचे काढलेले फोटो, यांवरून जुळवावी लागते. भाग सापडला की परीक्षा होते. ‘द टूम ऑफ द सायबरमेन’ (१९६७) या कथेचे चारही भाग हाँगकाँगहून परत आल्याचे १९९२ मध्ये जाहीर झाले आणि आठवणींच्या भरवशावर तिला डोक्यावर घेणाऱ्यांना आपले मत पुन्हा तपासावे लागले. २०१३ मध्ये नायजेरियात सापडलेल्या नऊ भागांमुळे आणखी दोन कथांच्या नोंदी जुन्या झाल्या. म्हणून या मालिकेवरच्या कोणत्याही पुस्तकाचे प्रकाशनवर्ष आधी पाहावे, मत नंतर वाचावे.

रहस्यमालिका. विज्ञानकथेच्या सोबत्यात जग समजावायचे असते, रहस्याच्या सोबत्यात ते झाकायचेही असते. खुनी कोण हे कथासारात सांगितले तर नवा प्रेक्षक चिडतो. न सांगितले तर संदर्भ म्हणून पुस्तक निकामी. उपाय साधा आहे : उलगडा वेगळ्या परिच्छेदात द्यायचा आणि त्यावर तसे लिहायचे. नटांच्या यादीतही जपावे लागते, कारण पाहुण्या कलाकारापुढे ‘दोन भूमिका’ असे लिहिले की जुळ्या भावाचे गुपित तिथेच फुटते. ‘कोलंबो’ या पोलीस लेफ्टनंटवरच्या अमेरिकी मालिकेला ही अडचण नाही. तिथे खून आणि खुनी सुरुवातीलाच दिसतात, प्रश्न फक्त तो पकडला कसा जाणार एवढाच. त्यामुळे मार्क डाविडझिएक यांच्या ‘द कोलंबो फाइल’ला (१९८९) मोकळेपणाने लिहिता आले. दुर्दैव वेळेचे. पुस्तक १९६८ ते १९७८ मधल्या ४५ भागांचे, आणि ते आले त्याच वर्षी मालिका दुसऱ्या वाहिनीवर पुन्हा सुरू झाली. २००३ पर्यंत एकूण भाग ६९ झाले.

कोलंबोचे पहिले नाव हा या क्षेत्रातला गाजलेला सापळा. मालिकेत ते कधी उच्चारले जात नाही. फ्रेड वर्थ यांनी आपल्या माहितीकोशात ‘फिलिप’ हे नाव मुद्दाम खोटे घातले, म्हणजे कोणी उतरवले तर सापडेल. ‘ट्रिव्हियल परस्यूट’ या प्रश्नोत्तरांच्या खेळात तेच उत्तर छापून आले. वर्थ यांनी १९८४ मध्ये ३० कोटी डॉलरचा दावा लावला आणि ते हरले. तथ्यांवर कोणाची मालकी नसते, असे अपील न्यायालयाने १९८७ मध्ये धरले. गंमत म्हणजे १९७१ च्या ‘डेड वेट’ या भागात चित्र थांबवले तर लेफ्टनंटच्या ओळखपत्रावर ‘फ्रँक कोलंबो’ अशी सही वाचता येते. जुन्या टीव्हीवर ती कोणी वाचली असेल असे वाटत नाही.

अधिकृत, अनधिकृत आणि न्यायालय. मुखपृष्ठावर ‘अनधिकृत’ छापले की सुटका झाली, हा गैरसमज आहे. ‘ट्विन पीक्स’वरच्या एका अनधिकृत मार्गदर्शकात भागांची कथा इतकी तपशीलवार सांगितली होती की १९९३ मध्ये अमेरिकेच्या अपील न्यायालयाने त्याला हक्कभंग ठरवले. १९९८ मध्ये ‘साइनफेल्ड’ या विनोदी मालिकेवरच्या ६४३ प्रश्नांच्या पुस्तकाबाबतही तेच झाले : कल्पित पात्राने काय केले हे तथ्य नसून लेखकाची निर्मिती आहे, असे न्यायालय म्हणाले. म्हणून अनधिकृत लेखक कथासार आखडते घेतात आणि पाने टीका, तुलना व निर्मितीच्या इतिहासाने भरतात. याचा वाचकाला फायदाच होतो. अधिकृत पुस्तकात छायाचित्रे उत्तम असतात, पण पटकथालेखक कोणाशी भांडून सोडून गेला ते बहुधा नसते.

तांत्रिक पुस्तिका हा याचाच उपप्रकार. रिक स्टर्नबाख आणि मायकेल ओकुडा यांची ‘स्टार ट्रेक : द नेक्स्ट जनरेशन’ या पुढच्या मालिकेवरची पुस्तिका (१९९१) मुळात पटकथालेखकांसाठी केलेल्या अंतर्गत टिपणांतून निघाली. तिचा उपयोग आकड्यांत दिसतो. वॉर्प हे मालिकेतल्या यानांच्या प्रकाशाहून जास्त वेगाचे माप. जुन्या हिशोबाने वॉर्प ९ म्हणजे ९ चा घन, प्रकाशाच्या ७२९ पट वेग. नव्या श्रेणीत तोच वॉर्प ९ सुमारे १,५१६ पट आणि वॉर्प १० म्हणजे अनंत. दोन मालिकांतले प्रवासाचे दिवस ताडताना कोणती श्रेणी हे न पाहिल्यास गणित जुळणारच नाही.

या प्रकाराला आकाराची मर्यादा आहे. भागाला दोन पाने धरली तर ‘द एक्स फाइल्स’च्या पहिल्या नऊ पर्वांच्या २०२ भागांना चारशे पाने लागतात, म्हणून तिची अधिकृत पुस्तके खंडाखंडाने निघाली. १९९८ मध्ये सुरू झालेली, शिवाजी साटम यांची ‘सीआयडी’ २०१८ पर्यंत दीड हजारांवर भाग चालली. भागाला एक पान दिले तरी तो ग्रंथ एका हाताने उचलणार नाही.

जुनी प्रत विकत घेताना मधली पाने उघडून पाहावीत. ही पुस्तके टीव्हीसमोर उताणी ठेवून वापरली जातात, त्यामुळे नुसत्या डिंकाच्या बांधणीची कागदी प्रत बरोबर मधोमध फुटते आणि लोकप्रिय भागांचीच पाने आधी सुटतात. शिवलेली प्रत मिळाली तर दोन पैसे जास्त द्यावेत. आवृत्तीही तपासावी : ओकुडा दांपत्याचा ‘स्टार ट्रेक एनसायक्लोपीडिया’ १९९४, १९९७, १९९९ आणि २०१६ असा वाढत गेला, आणि १९९४ च्या प्रतीत ‘व्हॉयेजर’चे भाग शोधणे व्यर्थ आहे, कारण ती मालिका १९९५ मध्ये सुरू झाली.