कर्णखरूज (पाळीव प्राण्यांतील)

मांजर, कुत्रा, फेरेट (मुंगसासारखा लांबट अंगाचा पाळीव प्राणी) तसेच कोल्ह्यासारख्या वन्य मांसाहारी प्राण्यांच्या बाह्यकर्णात ऑटोडेक्टीस सायनॉटिस या माइटमुळे होणारा सांसर्गिक विकार. माइट हा कीटक नव्हे. गोचिडाप्रमाणे तोही अष्टपाद वर्गातला. ही जाती सोरोप्टिडी कुलातील असून तिची लांबी सुमारे ०·३ ते ०·५ मिमी. असते. नेहमीच्या खरजेच्या माइटप्रमाणे ती त्वचेत बिळे करीत नाही. पृष्ठभागावरच राहून त्वचेचे सुटलेले कण व ऊतकद्रव यांवर जगते.

हेरिंग यांनी १८३८ मध्ये या माइटचे वर्णन केले, ते सार्कोप्टीस या नेहमीच्या खरजेच्या माइटच्या वंशात. ऑटोडेक्टीस हा वंश एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस वेगळा काढण्यात आला. मांजर, कुत्रा, फेरेट व कोल्हा यांच्यावरील माइट वेगवेगळे आहेत की एकच, हा वाद त्यानंतर बराच काळ चालला, आणि जुन्या ग्रंथांत पोषक (ज्याच्यावर माइट जगतो त्या) प्राण्यागणिक निरनिराळे प्रकार नोंदलेले आढळतात. जी. के. स्वेटमन यांनी १९५८ मध्ये जीवनचक्राच्या अभ्यासावरून एकच जाती मानली. निरनिराळ्या प्राण्यांवरील व प्रदेशांतील माइटांच्या जनुकीय अनुक्रमांची २००२ मध्ये तुलना झाली, तिचाही निष्कर्ष हाच निघाला. तो अधिक ग्राह्य वाटतो. घरातील मांजराचा माइट कुत्र्याच्या कानात सहज जम बसवतो, हा अनुभवही त्याला धरूनच आहे.

अंडे, षट्पाद डिंभ (अंड्यातून निघणारे पिलू), दोन अर्भकावस्था व प्रौढ असे चक्र साधारण तीन आठवड्यांत पुरे होते. नर दुसऱ्या अर्भकावस्थेलाच चिकटून राहतो. कात टाकल्यावर मादी निघाली तर लगेच समागम होतो, नर निघाला तर जोडी निष्फळ ठरते.

मांजरांतील बाह्यकर्णदाहापैकी जवळपास निम्मा आणि कुत्र्यांतील ५ ते १० टक्के या माइटमुळे होतो, असे आकडे पाठ्यग्रंथांतून दिले जातात. प्रदेशानुसार ते बरेच बदलतात. पिलांना लागण आईकडून होते. प्राणी सतत कान खाजवतो, डोके झटकतो. कानात कॉफीच्या पुडीसारखा काळपट तपकिरी, सुका मळ साठतो. झटकण्याने कर्णपाळीतील रक्तवाहिनी फुटून पाळी फुगते. खाजेचा आणि माइटांच्या संख्येचा मेळ मात्र बसत नाही. एखादे मांजर मोजक्या माइटांनी बेजार होते, तर दुसऱ्याचा कान भरलेला असूनही ते स्वस्थ असते.

मळ काळा आहे एवढ्यावरून निदान करू नये, कारण मॅलॅसेझिया या यीस्टमुळेही तसाच मळ येतो. कर्णदर्शकातून हलणारे पांढरे ठिपके दिसतात. मळ द्रवरूप पॅराफिनमध्ये घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली माइट व अंडी पाहणे अधिक खात्रीचे.

उपचारात प्रथम मळ काढतात, पण त्याआधी कर्णपटल शाबूत आहे ना हे पाहावे लागते. घरोघरी कानात कोमट तेल सोडतात. तेलाने मळ सुटतो व काही माइट गुदमरतात. अंगावर इतरत्र असलेले माइट वाचतात, आणि कर्णपटल फाटलेले असल्यास तेल मध्यकर्णात उतरते. पूर्वी कानात औषधाचे थेंब कित्येक आठवडे घालावे लागत. आता मानेच्या त्वचेवर टाकायचे सेलामेक्टिन किंवा मॉक्सिडेक्टिन, तसेच आयसोक्साझोलीन या माइट-गोचीडनाशक गटातील औषधे वापरतात. घरातील सर्व संपर्कातील प्राण्यांवर एकाच वेळी उपचार न केल्यास लागण फिरत राहते. माइटांवरील आयव्हरमेक्टिन हे औषध कॉली व तत्सम मेंढपाळ जातींच्या कुत्र्यांत एमडीआर१ जनुकातील दोषामुळे मेंदूस घातक ठरू शकते. कुत्र्यांसाठीचे परमेथ्रिनयुक्त औषध मांजराच्या जिवावर बेतते.

माणसास क्वचित हातांवर तात्पुरते खाजरे पुरळ उठते. रॉबर्ट लोपेझ या अमेरिकी पशुवैद्याने मांजराचे माइट स्वतःच्या कानात सोडून पाहिले. त्यांना १९९४ चे इग नोबेल (आधी हसवणाऱ्या व मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनासाठीचे विनोदी पारितोषिक) मिळाले. एका माणसावरील हा प्रयोग रंजक आहे, पण त्यावरून फारसे काही सिद्ध होत नाही.

सशाच्या कानातील जाड, थरांची खपली सोरोप्टीस वंशातील माइटमुळे येते. ती ओढून काढू नये. उपचारानंतर आपोआप गळते. सशाला फिप्रोनिल हे पिसवा-गोचीडनाशक विषारी आहे.