कलादिग्दर्शकाला स्टुडिओ कशाला हवा?

२ ऑगस्ट २०२३ रोजी कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई गेले आणि चर्चा त्यांच्या कर्जाभोवतीच फिरत राहिली. सेट उभारणाऱ्या माणसानं कर्जतजवळ स्वतःचा अख्खा स्टुडिओ का काढला असेल, याकडे फारसं कुणी वळलं नाही. त्यासाठी शंभर वर्षं मागे, कोल्हापुरात जावं लागतं.

बाबूराव आणि आनंदराव पेंटर संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवायचे. राजवाडा, अरण्य, रस्ता, सगळं कापडावर. सिनेमानं दोघांनाही झपाटलं. आनंदराव १९१६ साली वारले. बाबूरावांनी कॅमेरा घडवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२० साली ‘सैरंध्री’ पडद्यावर आणला. लोकमान्य टिळकांनी त्यांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं ते त्याच सुमारास. आयुष्यभर पडदे रंगवलेल्या या माणसानं सिनेमातून मात्र पडदा हटवला. रंगवलेल्या भिंतीपुढे नट उभे करण्याऐवजी त्यांनी त्रिमितीय, भरीव सेट बांधले. चित्रीकरणाआधी ते पोशाखांची आणि दृश्यांची रेखाटनं करत, जाहिरातीची पोस्टरंही स्वतःच रंगवत. ‘सिंहगड’मध्ये (१९२३) कृत्रिम प्रकाश वापरला. आज प्रॉडक्शन डिझायनर, म्हणजे सिनेमाचं एकूण दृश्यरूप ठरवणारा माणूस, जे करतो, ते जवळजवळ सगळं या एकाच माणसात होतं. आणि कंपनीही त्याचीच होती, हे मला सर्वात महत्त्वाचं वाटतं.

त्यांच्याच हाताखाली तयार झालेले शेख फत्तेलाल, म्हणजे साहेबमामा, १९२९ साली ‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या पाच भागीदारांपैकी एक झाले. कलाविभाग त्यांचा. ‘संत तुकाराम’ (१९३६) त्यांनी दुसरे भागीदार विष्णुपंत दामले यांच्या जोडीनं दिग्दर्शितही केला. सेट किती मोठा, त्यावर खर्च किती, हे ठरवणाऱ्यांमध्ये ते स्वतः बसत. १९३३ साली प्रभात पुण्यात आली. त्या आवारात आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे.

पुढे हे चित्र पालटलं. स्टुडिओंच्या पगारी कंपन्या मोडल्या, निर्माता दर सिनेमाला नवी माणसं घेऊ लागला. एम. आर. आचरेकरांसारखा थोर चित्रकार ‘आवारा’तलं स्वप्नदृश्य उभं करतो, ‘कागज के फूल’साठी फिल्मफेअर मिळवतो, पण स्टुडिओ राज कपूर किंवा आणखी कुणाचा तरी असतो. काम संपलं की सेट मोडायचा. प्लायवूड, कॅनव्हास, प्लास्टर ऑफ पॅरिस भंगारात. सुतार, साचेकाम करणारे मोल्डर, रंगारी पुढच्या कामावर. ज्यानं तो महाल उभा केला, त्याच्याकडे फोटो आणि रेखाटनं एवढंच उरायचं.

देसाई याच व्यवस्थेत वाढले. जन्म १९६५, शिक्षण जे. जे. मधलं. सुरुवात ‘तमस’ या मालिकेवर, कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या सहायकांपैकी एक म्हणून. ‘१९४२ अ लव्ह स्टोरी’नं नाव झालं. भुजजवळच्या माळावर त्यांनी ‘लगान’चं चंपानेर गाव वसवलं, ‘देवदास’मध्ये झगमगीत कोठा. ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ आणि ‘देवदास’ असे चार राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाले. एकाच माणसाच्या हातून मातीचं गाव आणि काचेची हवेली, दोन्ही तितकीच खरी वाटावीत, याचं अजूनही नवल वाटतं.

२००५ साली त्यांनी एन. डी. स्टुडिओ सुरू केला. हिशेब सरळ होता: सेट मोडण्याऐवजी जपायचा आणि पुन्हा पुन्हा भाड्यानं द्यायचा. ‘जोधा अकबर’साठी तिथे किल्ल्याचे भव्य सेट उभे राहिले, ‘राजा शिवछत्रपती’ मालिकाही तिथलीच. ‘बालगंधर्व’ची (२०११) निर्मिती त्यांनीच केली. बाबूराव आणि साहेबमामा ज्या मालकीच्या जागी होते, तिथे परतण्याचा हा सरळ प्रयत्न होता. फरक एवढाच, की त्या दोघांच्या कंपन्या स्वतःचे सिनेमे काढत. देसाईंचा स्टुडिओ मुख्यतः दुसऱ्यांच्या चित्रीकरणावर अवलंबून होता. सेट उन्हापावसात उभे ठेवायला पैसा रोज लागतो, चित्रीकरणं मात्र थांबतात. कोविडच्या काळात ती सगळीकडेच थांबली. जुलै २०२३ मध्ये कंपनीविरुद्ध दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झाली होती.