घुमट टिकला, बाकी मातीत गेले

फिलाडेल्फियाचे जीवाश्मतज्ज्ञ जोसेफ लायडी यांच्यापुढे १८७२ साली हाडाचा एक तुकडा होता. जाडजूड, वरच्या अंगाला गाठी आलेला. मिसुरी नदीच्या वरच्या खोऱ्यात हिंडताना भूवैज्ञानिक फर्डिनंड हेडन यांनी तो दहा-बारा वर्षे आधी उचलून आणला होता. अंगावर चिलखत वागवणाऱ्या कुठल्या तरी प्राण्याचा हा भाग असावा असे लायडींना वाटले. त्यांनी त्याला ‘टायलोस्टियस’ असे नाव दिले आणि तुकडा संग्रहात जाऊन पडला. प्रत्यक्षात तो कवटीच्या मागच्या कोपऱ्याचा होता. ती कवटी कुणाची, हे कळायला पुढे शंभरहून अधिक वर्षे गेली.

ती होती पॅकिसेफॅलोसॉरसची. या ग्रीक नावाची फोड केली तर ‘जाड डोक्याचा सरडा’. डायनोसॉरांच्या अगदी शेवटच्या पर्वात, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, उत्तर अमेरिकेच्या पश्चिम भागात तो टायरॅनोसॉरस आणि ट्रायसेराटॉप्स यांच्या शेजारात राहत होता. दोन पायांवर चालणारा, सुमारे साडेचार मीटर लांबीचा प्राणी. मेंदूच्या वर भरीव हाडाचा घुमट, आणि त्याची जाडी चांगली वीतभर, म्हणजे २०-२५ सेंटीमीटर.

या प्राण्याच्या वर्गीकरणाची कहाणी मला फार ओढ लावते. तिच्यातले बहुतेक घोळ एकाच गोष्टीतून निघाले आहेत: घुमट टिकतो, बाकीचे टिकत नाही. मेलेल्या जनावराची कवटी नदीत गडगडत जाते, तेव्हा जबडा, कणा, बोटे यांचा चुरा होतो. घुमट मात्र वरवंट्यासारखा शाबूत राहतो. त्यामुळे शास्त्रज्ञांच्या हाती वर्षानुवर्षे नुसते घुमट येत राहिले.

कॅनडातल्या अल्बर्टामध्ये सापडलेल्या अशाच घुमटांवरून लॉरेन्स लॅम्ब यांनी १९०२ मध्ये ‘स्टेगोसेरस’ ही प्रजाती स्थापन केली. धड कसे असेल याचा काहीच पत्ता नव्हता. पुढे त्याच प्राण्याची उत्तम कवटी सापडली, सोबत सांगाड्याचे काही भागही. १९२४ मध्ये चार्ल्स गिल्मोर यांनी तिचे वर्णन केले, पण तिच्या दातांनी त्यांना चकवले. लायडींनीच १८५६ मध्ये एका सुट्या दातावरून ‘ट्रूडॉन’ हे नाव दिले होते, आणि स्टेगोसेरसचे दात त्या दातासारखे दिसत होते. मग गिल्मोर यांनी घुमटवाल्यांना ट्रूडॉनच्या घरात बसवले. १९३१ मध्ये वायोमिंगमधल्या मोठ्या घुमटाला नाव मिळाले तेही ‘ट्रूडॉन वायोमिंगेन्सिस’. १९४३ मध्ये बार्नम ब्राउन आणि एरिक श्लाइकर यांनी मोंटानातल्या जवळजवळ पूर्ण कवटीवरून पॅकिसेफॅलोसॉरस ही वेगळी प्रजाती केली, तरी कुळाचे नाव ट्रूडॉनचेच राहिले. चार्ल्स स्टर्नबर्ग यांनी १९४५ मध्ये दाखवून दिले की ट्रूडॉन हा मांसभक्षी डायनोसॉरांपैकी आहे आणि घुमटवाल्यांशी त्याचे काही नाते नाही. तेव्हा कुठे पॅकिसेफॅलोसॉरिडी हे कूळ जन्माला आले.

आज हे कूळ पक्ष्यांसारखी कंबरेची रचना असलेल्या शाकाहारी डायनोसॉरांच्या मोठ्या गटात मोडते. त्यांचे सर्वांत जवळचे नातलग म्हणजे ट्रायसेराटॉप्स आणि त्याचे शिंगाळे भाऊबंद. दोघांच्याही कवटीची मागची कड पागोळीसारखी बाहेर आलेली असते. पॉल सेरेनो यांनी १९८६ मध्ये या खुणेवरून दोघांना एकत्र बांधले. लायडींच्या तुकड्याची खरी ओळख डोनाल्ड बेअर्ड यांनी १९७९ मध्ये पटवली. नामकरणाच्या नियमाप्रमाणे जुने नाव टायलोस्टियसच चालायला हवे होते. पण ते कुणी वापरतच नव्हते, म्हणून आंतरराष्ट्रीय आयोगाने पॅकिसेफॅलोसॉरस हेच नाव राखले.

घुमटावर विसंबण्यात आणखी एक धोका होता: तो वयाप्रमाणे बदलतो. १९८३ मध्ये मागे लांब शिंगे असलेला ‘स्टिजिमोलॉक’ आणि २००६ मध्ये सपाट डोक्याचा, काटेरी ‘ड्रॅकोरेक्स’ अशा दोन नव्या प्रजाती जाहीर झाल्या. जॅक हॉर्नर आणि मार्क गुडविन यांनी २००९ मध्ये हाडांचे पातळ काप सूक्ष्मदर्शकाखाली पाहून सांगितले की ड्रॅकोरेक्स म्हणजे पॅकिसेफॅलोसॉरसचे लहान पोर आणि स्टिजिमोलॉक म्हणजे वयात येणारे. वाढत्या वयात शिंगांचे हाड झिजून गाठी उरतात आणि डोक्याचा माथा वर फुगत जातो. स्टिजिमोलॉक ही वेगळी जाती असावी असे मानणारे संशोधक आजही आहेत, पण मला हॉर्नर-गुडविन यांची बाजू अधिक पटते.

घुमट टकरीसाठी होता का, यावरही बराच वाद झाला. २०१३ च्या एका अभ्यासात शंभरहून अधिक घुमट तपासले, तेव्हा पाचांतल्या एकावर जखम चिघळून बरी झाल्याच्या खुणा दिसल्या. टकरीच्या बाजूने याहून बोलका पुरावा मला माहीत नाही.

आपल्याकडे हा प्राणी होता का? या कुळाचे खात्रीचे जीवाश्म फक्त उत्तर अमेरिका आणि आशियाच्या मंगोलिया-चीनकडच्या भागात मिळतात. भारताचा तुकडा तेव्हा मादागास्करपासून सुटून समुद्रात एकटा होता. मादागास्करमध्ये सापडलेला एक घुमट १९७९ मध्ये याच कुळात घातला गेला होता. १९९८ मध्ये कळले की तो मजुंगासॉरस या मांसभक्षकाच्या कपाळाचा आहे. नर्मदेच्या खोऱ्यातला आपला राजासॉरस त्याचा नातलग. त्याच्याही डोक्यावर बुटके शिंग होते.

२०२५ मध्ये गोबीच्या वाळवंटातून ‘झावासेफाले’ जाहीर झाला. वय जवळजवळ १०.८ कोटी वर्षे, म्हणजे तोवर ठाऊक असलेल्या घुमटवाल्यांपेक्षा दीड कोटी वर्षांनी जुना. जनावर पुरते वाढलेले नव्हते, तरी घुमट तयार झाला होता. आणि या खेपेला सांगाड्याचा बराच भाग सोबत आला: शेपूट, पोटातले अन्न दळणारे खडे, आणि या कुळात पहिल्यांदाच, हाताची बोटे.