फार्रोचे सॅलड: रोमच्या लापशीपासून खपली गव्हापर्यंत

इटलीच्या तोस्काना प्रांतात उन्हाळ्यात ‘इन्सालाता दि फार्रो’ हे गार सॅलड आधीच करून ठेवता येते आणि मुरल्यावर ते अधिक चविष्ट लागते. शिजवून निथळलेला फार्रो, म्हणजे एक प्राचीन गहू, कोमट असतानाच ऑलिव्ह तेलात घोळवतात, निवल्यावर त्यात टोमॅटो आणि ऑलिव्ह मिसळतात, तर बेझिलची पाने व मोझरेला वाढण्याच्या वेळी घालतात. आज हा पदार्थ आधुनिक वाटत असला, तरी त्यातील धान्य रोम शहराहूनही जुने आहे.

इटलीत आयनकॉर्न, एमर आणि स्पेल्ट या तिन्ही गव्हांना फार्रो म्हणतात, त्यामुळे पाककृती वाचताना बराच गोंधळ होतो. तोस्कानात मात्र या नावाने बहुधा एमर, म्हणजे ट्रिटिकम डायकोकम, अभिप्रेत असतो. तिन्हींची समान खूण अशी की साध्या मळणीने त्यांचा दाणा तुसातून सुटत नाही आणि तूस काढण्याचे कष्ट वेगळे घ्यावे लागतात. प्राचीन रोममध्ये एमरला ‘फार’ म्हणत आणि त्याच्या भरडीची ‘पुल्स’ नावाची लापशी हे सामान्यांचे रोजचे अन्न होते. पीठ या अर्थाचा इटालियन ‘फारिना’ हा शब्द याच ‘फार’पासून आला. रोमन लोकांनी ३०० वर्षे गव्हांपैकी केवळ ‘फार’च वापरला, असे जुने मत रोमन लेखक थोरल्या प्लिनीने नोंदवले आहे. ‘फार’ची पोळी ज्या विवाहविधीत अर्पण केली जाई, त्याला ‘कॉन्फार्रेआतिओ’ हे नावच या धान्यावरून पडले.

पुढे सहज मळता येणारे गहू आले आणि फार्रो मागे पडला. तो टिकला तो डोंगराळ, हलक्या जमिनीच्या भागांत, विशेषतः लुक्का जिल्ह्यातील गार्फान्याना खोऱ्यात, जिथे चेस्टनटचे पीठ आणि फार्रो यांवर गरीब कुटुंबांचा निर्वाह चालत असे. तिथे फार्रोचा मुख्य पदार्थ म्हणजे घेवड्याच्या दाण्यांबरोबर शिजवलेले दाट, गरम सूप होते. गार्फान्यानाच्या फार्रोला १९९६ मध्ये युरोपीय संघाचे भौगोलिक मानांकन मिळाले. एकेकाळी केवळ गरिबीमुळे पेरल्या गेलेल्या धान्याला मिळालेला हा मान मला फार मोलाचा वाटतो.

सॅलडातील लाल रंग तुलनेने नवा आहे. टोमॅटो अमेरिका खंडातून आला. १५४८ मध्ये पिसा येथे फ्लोरेन्सचा ड्यूक कोझिमो दे मेदिची याच्या घरी टोमॅटोची टोपली पोहोचल्याची नोंद आहे, पण स्वयंपाकात तो रुळायला पुढे बराच काळ गेला. इटालियन घरांत उन्हाळ्यासाठी तांदळाचे गार सॅलडही करतात, मात्र फ्रिजमध्ये रात्रभर राहिलेला भात कोरडा आणि टणक होतो. फार्रोचा दाणा तेल आणि आंबटपणा शोषूनही चावायला भरीव राहतो, म्हणून आदल्या दिवशी करून ठेवण्यास तो अधिक योग्य आहे.

मराठी वाचकाला हे धान्य परके नाही. सांगली, सातारा, कोल्हापूर आणि बेळगाव या पट्ट्यात पिकणारा खपली गहू हा ट्रिटिकम डायकोकमच आहे. तोही तुसासकट मळला जातो आणि त्याची खीर आजही आवडीने केली जाते. खिरीसाठी गहू ओलवून उखळात सडतात, म्हणजे वरचा कोंडा काढतात. इटलीत ‘पेर्लातो’ म्हणून विकला जाणारा फार्रो याच तत्त्वाने घासलेला असतो आणि त्यामुळे तो लवकर शिजतो. सॅलडासाठी न सडलेली अख्खी खपली घेतली, तर ती रात्रभर भिजवून भरपूर पाण्यात सावकाश शिजवावी लागते आणि दाणा फुटण्याआधीच निथळून घ्यावी लागते.