आधी विहीर, मग पिरॅमिड : युकातानच्या एका दिवसाच्या सहलीची पार्श्वभूमी

मेक्सिकोच्या पूर्व किनाऱ्यावरच्या कानकूनच्या हॉटेलांसमोरून सकाळी सातच्या सुमाराला बस सुटते. दोनशे किलोमीटर पश्चिमेला माया लोकांचं प्राचीन शहर चिचेन इत्सा, तिथे दोन-अडीच तास अवशेष, मग जेवण, मग 'सेनोते' नावाच्या नैसर्गिक कुंडात पोहणं, परतीच्या वाटेवर वायादोलिद गावच्या चौकात अर्धा तास आणि रात्री पुन्हा हॉटेल. वाटेत किंताना रू राज्य संपून युकातान राज्य लागतं, तेव्हा गाइड घड्याळं तासभर मागे घ्यायला सांगतो. किंताना रूने 2015 मध्ये आपली वेळ पुढे नेली, कारण किनाऱ्यावरच्या पर्यटकांना संध्याकाळचा उजेड जास्त मिळावा. त्यामुळे जाताना एक तास फुकट मिळतो आणि येताना तो निमूट परत करावा लागतो.

अवशेष आणि पोहणं एकाच तिकिटात, म्हणजे टूर कंपनीने उन्हाने त्रासलेल्या लोकांसाठी काढलेली युक्ती, असं कुणालाही वाटेल. ती आहेच. पण या दोन गोष्टी एकत्र कोणी बांधल्या, हे विचारलं तर उत्तर बरंच मागे जातं. युकातेक माया भाषेत 'ची' म्हणजे तोंड, 'चेन' म्हणजे विहीर आणि 'इत्सा' हे तिथल्या लोकांचं नाव. इत्सांच्या विहिरीचं तोंड. शहराच्या नावात पिरॅमिड नाही, विहीर आहे.

यामागचं कारण दगडात आहे. आपल्या सह्याद्रीचा काळा पत्थर पावसाचं पाणी अंगावरून वाहून जाऊ देतो, म्हणून आपल्याकडे दर दहा-वीस मैलांवर एखादी नदी किंवा ओढा. युकातान द्वीपकल्प चुनखडीचा आहे. उत्तर भागात नद्या नाहीतच. पाऊस पडतो तो सरळ जमिनीत मुरतो, चुनखडी विरघळवत खाली भुयारं कोरतो, आणि एखाद्या भुयाराचं छत कोसळलं की तळाशी पाणी असलेला खड्डा उघडा पडतो. माया लोक त्याला 'त्सोनोत' म्हणत. स्पॅनिश जिभेवर त्याचं 'सेनोते' झालं. हिमयुगात समुद्राची पातळी शंभर मीटरहून अधिक खाली होती, तेव्हा यातली कित्येक भुयारं कोरडी होती. आज पाण्याखाली छताला लोंबणारे चुन्याचे झुंबर दिसतात ते त्या काळातले, कारण पाण्यात बुडालेल्या गुहेत असे झुंबर तयारच होत नाहीत.

इथे बहुतेक गाइड अशनीची गोष्ट सांगतात. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी दहा-बारा किलोमीटर व्यासाचा अशनी इथे आदळला, डायनोसोर संपले आणि त्यातून सेनोते झाले, अशी. गोष्ट खरी आहे, फक्त थोडी ताणलेली. चिकशुलूब नावाचं ते विवर जवळपास 180 किलोमीटर व्यासाचं असून गाळाखाली गाडलं गेलेलं आहे. 1978 मध्ये पेमेक्स या सरकारी तेल कंपनीसाठी चुंबकीय पाहणी करताना ग्लेन पेनफिल्ड आणि आंतोनियो कामार्गो यांना त्याचा माग लागला. विवराच्या कडेने सेनोत्यांचं एक मोठं अर्धवर्तुळ आहे हेही खरं. पण चिचेन इत्सा त्या वर्तुळाच्या बाहेर, आग्नेयेला आहे. इथली कुंडं साध्या पावसानेच कोरली. डायनोसोरांच्या अंतावरून वाद घालणारे शास्त्रज्ञ या अशनीच्या जोडीला दुसरा संशयित उभा करतात, तो म्हणजे त्याच सुमाराला दख्खनमध्ये उसळलेला लाव्हा. पुण्याहून निघून या कुंडाच्या काठावर उभा राहणारा माणूस खटल्यातल्या एका आरोपीच्या घरून दुसऱ्याच्या घरी आलेला असतो.

चिचेन इत्सा भरात होतं ते साधारण नवव्या ते अकराव्या शतकात. शहरात दोन मोठे सेनोते. श्तोलोक हा रोजच्या वापराच्या पाण्याचा. दुसरा, उत्तरेचा, देवाचा. पिरॅमिडपासून, म्हणजे 'एल कास्तियो'पासून, त्याच्याकडे सुमारे तीनशे मीटरचा उंच बांधलेला रस्ता जातो. असे रस्ते चुन्याच्या गिलाव्यामुळे पांढरे दिसत, म्हणून त्यांचं नाव 'साकबे', पांढरी वाट. आज त्या वाटेच्या दोन्ही बाजूंना दुकानं मांडलेली असतात आणि जॅग्वारची डरकाळी काढणाऱ्या मातीच्या शिट्ट्या विकल्या जातात. आधी दचकायला होतं, दहाव्या डरकाळीनंतर वैताग येतो. वाट संपते तिथे साठ मीटर रुंदीचा गोल खड्डा. कडे सरळ उभे, पाणी वीसेक मीटर खाली, शेवाळाने हिरवं आणि ढिम्म. उतरायला पायऱ्या नाहीत. पाणी भरायची जागा अशी नसते, हे आपल्या बारवा पाहिलेल्या माणसाला लगेच कळतं.

इथे काय चालायचं याचं वर्णन दिएगो दे लांदा या फ्रान्सिस्कन धर्मगुरूने 1566 च्या सुमाराला लिहून ठेवलं. अवर्षण आलं की देवांना म्हणून जिवंत माणसं विहिरीत टाकत, मौल्यवान वस्तूही टाकत, असं तो सांगतो. हा तोच लांदा, ज्याने 1562 मध्ये मानी गावात माया लोकांच्या पोथ्या जाळल्या. एका संस्कृतीची लिखित स्मृती जाळणारा माणूसच तिच्याबद्दलचा मुख्य साक्षीदार ठरावा, ही युकातानच्या इतिहासातली सगळ्यात कडू गोष्ट. त्याचं लिखाणही तीनशे वर्षं धूळ खात पडलं. ब्रास्यूर द बुरबूर या फ्रेंच पाद्र्याला त्याची संक्षिप्त नक्कल माद्रिदमध्ये सापडली आणि ती 1864 मध्ये छापली गेली.

ते वर्णन एडवर्ड थॉम्पसनने फार मनावर घेतलं. हा युकातानमधला अमेरिकेचा वाणिज्यदूत. 1894 मध्ये त्याने चिचेनची जुनी हासियेंदा, म्हणजे वाडा आणि भोवतालची जमीन, विकत घेतली. तिच्यात पिरॅमिडही आला आणि विहीरही. 1904 पासून त्याने काठावर यारी बसवून लोखंडी पंज्याने तळ उपसायला घेतला. पंजा नेमका कुठे टाकायचा? त्याने माणसाच्या वजनाचे लाकडी ओंडके काठावरून फेकून पाहिले, ते कुठे पडतात हे मोजलं आणि तिथूनच सुरुवात केली. कितीतरी दिवस नुसता चिखल, कुजलेली पानं आणि फांद्या. मग एकदा पिवळसर पांढरे दोन गोळे वर आले. कशाचे, ते कळेना. त्यातला तुकडा विस्तवावर ठेवला तर धुराला सुगंध. तो कोपाल होता, झाडाचा डिंक, आपल्याकडच्या उदा-धुपासारखा. देवाला दाखवलेला धूप शेकडो वर्षं चिखलात राहूनही जळला, तेव्हा लांदा थापा मारत नव्हता याची थॉम्पसनला खात्री पटली.

त्यानंतर सोनं, जेड, तांब्याच्या घंटा आणि हाडं वर येऊ लागली. पुढे तो स्वतः पाणबुड्याचा पोशाख चढवून उतरला आणि कानाचे पडदे कायमचे बिघडवून घेतले. तळाशी निळ्या गाळाचा साडेचार मीटरांच्या आसपास जाडीचा थर लागला. तो नीळ आणि एका विशिष्ट मातीपासून केलेल्या 'माया निळ्या' रंगाचा आहे. बळी द्यायची वस्तू या रंगाने माखत, आणि तो इतक्या वर्षांत धुऊन धुऊन खाली साचला. त्यावरून वर किती काळ काय चाललं असेल याचा अंदाज बांधता येतो.

थॉम्पसनने सापडलेलं बरंचसं हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयाकडे रवाना केलं. सरकारी परवाना नव्हताच. बातमी फुटल्यावर मेक्सिकोने 1926 मध्ये त्याची जमीन जप्त केली. खटला थॉम्पसनच्या मृत्यूनंतरही चालला आणि 1944 मध्ये मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल त्याच्याच बाजूने दिला. पीबॉडीने 1970 च्या दशकात काही वस्तू परत केल्या. बाकीच्या अजून तिकडेच आहेत. 1960-61 मध्ये मेक्सिकन पाणबुडे पंप घेऊन पुन्हा उतरले, 1967-68 च्या मोहिमेत पाणी उपसून पाहिलं, रसायनं टाकून नितळ केलं.

हाडांनी मात्र 'सुंदर कुमारिकांना विहिरीत लोटत' ही गाइडांची आवडती कथा मोडीत काढली. त्यात पुरुष आहेत, स्त्रिया आहेत आणि लहान मुलं फार आहेत. विहिरीपासून जवळच, धावपट्टीचं काम चालू असताना 1967 मध्ये जमिनीखालच्या एका टाक्यात शंभराहून अधिक मुलांचे अवशेष मिळाले होते. त्यातल्या 64 जणांच्या डीएनएचा अभ्यास 2024 मध्ये प्रसिद्ध झाला. सगळे मुलगे निघाले, आणि त्यात जुळ्या भावांच्या दोन जोड्या होत्या. माया पुराणकथेचे नायक जुळे भाऊ आहेत, हे ज्यांना माहीत आहे त्यांना त्यातलं सूत्र दिसेल. कुमारिकांची कथा तरीही सांगितली जाते. ती ऐकायला बरी वाटते.

आता सहलीकडे. 1920 च्या दशकात दोन गोष्टी शेजारी शेजारी घडल्या. वॉशिंग्टनच्या कार्नेगी संस्थेने सिल्व्हेनस मॉर्ली यांच्या हाताखाली उत्खनन आणि डागडुजी सुरू केली, आणि युकातान राज्याची राजधानी मेरिदा, तिथल्या बार्बाचानो घराण्याने अवशेष पाहायला येणाऱ्यांची सोय करून पैसा कमावता येतो हे ओळखलं. पुढे अवशेषांखालची जमीनच या घराण्याकडे आली. वास्तू राष्ट्राच्या, जमीन खासगी, असा विचित्र कारभार 2010 पर्यंत चालला. मग युकातान राज्याने ती जमीन विकत घेतली.

कानकून वसण्याआधी येणारे पर्यटक मेरिदाहून यायचे, सावकाश, मुक्काम करून. 'एका दिवसात' हे गणित कानकूनने आणलं. मेक्सिकोला डॉलर हवे होते. मध्यवर्ती बँकेच्या माणसांनी किनाऱ्यांची छाननी करून ही जागा निवडली, आणि 1970 मध्ये काम सुरू झालं तेव्हा त्या वाळूच्या पट्ट्यावर नारळाच्या बागेचे तीन राखणदार राहत होते. विमानतळ झाला, हॉटेलं झाली, 1990 च्या दशकात मेरिदाला जोडणारा टोल रस्ता झाला आणि चिचेन इत्सा अडीच तासांवर आलं. 1988 मध्ये जागतिक वारसा, 2007 मध्ये 'नवी सात आश्चर्यं'. त्याच्या आदल्याच वर्षी एका पर्यटक बाईंचा पडून मृत्यू झाल्यावर कास्तियोच्या पायऱ्या चढणं बंद झालं होतं. आता खाली उभं राहून टाळी वाजवायची. पायऱ्यांवरून परतणारा आवाज क्वेत्साल पक्ष्याच्या शिळेसारखा येतो. शंभर माणसं एकदम टाळ्या पिटत असतात, त्यामुळे पक्षी कमी आणि सभागृह जास्त वाटतं.

पोहण्याची सांगड बसली ती अशी. देवाच्या विहिरीत उतरायला परवानगी नाही, कधी मिळणारही नाही. पण तीनच किलोमीटरवर इक-किल हे तितकंच गोल, साठ मीटर रुंद कुंड आहे. पाणी जमिनीपासून 26 मीटर खाली, आणि तिथवर कातळातला जिना. वरून वेलींची आणि मुळांची झालर पाण्यापर्यंत लोंबते. उतरण्याआधी शॉवरखाली अंगावरचं सनस्क्रीन धुवावं लागतं, लाइफ जॅकेट घालावं लागतं. देवाच्या विहिरीचं हे भावंडच, फक्त पायऱ्या असलेलं.

सगळेच सेनोते मोठ्या व्यावसायिकांच्या हातात नाहीत. मेरिदाजवळच्या कुसामा गावात घोड्याने ओढलेल्या छोट्या ट्रॉलीत बसून रुळांवरून कुंडांकडे नेतात. ते रूळ पर्यटनासाठी टाकलेले नव्हतेच. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी एनेकेन नावाच्या घायपाताची पानं शेतातून कारखान्यात आणायला हासियेंदांनी ते टाकले. दोरखंडांचा तो धंदा कृत्रिम धाग्यांपुढे बुडाला. रूळ राहिले, घोडे राहिले, आणि ज्यांचे आजे त्या शेतांत वेठबिगारासारखे राबले ती माणसं आता त्याच रुळांवरून पोहायला आलेल्यांना ने-आण करतात. शेजारच्या होमून गावी 49 हजार डुकरांच्या प्रकल्पाविरुद्ध मुलांच्या नावाने खटला उभा राहिला आणि 2018 मध्ये कोर्टाने काम थांबवलं. चुनखडीत वर जे ओताल ते खाली जातं, हे तिथे शाळेतल्या पोरांनाही ठाऊक आहे. द्वीपकल्पात सरकारने नव्याने बांधलेल्या मायन रेल्वेवरचा मोठा आक्षेपही हाच: कानकूनच्या दक्षिणेला तिचे पोलादी खांब थेट गुहांच्या छतातून आरपार उतरवलेत.

पाऊस लांबला की पूर्व युकातानच्या गावांत आजही 'चा-चाक' होतो. शेतात वेलींनी वेदी बांधतात, ह-मेन म्हणजे गावचा पुजारी चाक या पर्जन्यदेवाला हाका मारतो, आणि वेदीच्या चार खुंटांशी बसवलेली लहान मुलं बेडकांसारखं डरांव डरांव करतात. आपल्याकडच्या 'धोंडी धोंडी पाणी दे'ची आठवण न येणं अवघड आहे. तिथेही बेडूक लागतोच.

संध्याकाळी बस परत फिरते. हद्दीवर घड्याळं तासभर पुढे. हॉटेलवर पोचल्यावर लोक आधी अंघोळ करतात, आणि कानकूनच्या नळाला येणारं ते पाणीही त्याच चुनखडीखालच्या साठ्यातून, विहिरींनी उपसलेलं असतं.