करवल्यांचे घागरे ऑनलाइन मागवण्याआधी
(आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक)

लग्न चार दिवसांवर आलेलं असतं आणि पार्सल घेऊन घरची मंडळी आमच्या दुकानात येतात. आत पाच घागरे. दोन अंगाला नीट बसतात, एकाचा ब्लाउज मुंढ्यात अडकतो, एक घोट्याच्या वर राहतो आणि पाचव्याचा रंगच निराळा. कोल्हापुरात राजारामपुरीत शिवणकाम करताना दर हंगामात असं एखादं घर येतंच. त्या मुलींची तोंडं बघवत नाहीत, म्हणून हे पत्रक काढलं.

पूर्वी करवली म्हणजे हातात करा घेऊन मागं उभी राहणारी एकच बहीण. आता बहिणी, मैत्रिणी, भाच्या मिळून पाच-सहा जणी एकसारख्या कपड्यांत नवरीला मंडपात आणतात. हौस चांगली आहे, ती करावीच. ऑनलाइन घेऊ नका असंही आम्ही म्हणत नाही. काही कपडे खरोखर चांगले येतात. पण एकटीचा ड्रेस चुकला तर तो परत पाठवून दुसरा घेता येतो. संचातला एक चुकला की बाकीचे पाचही अडकतात. खरेदीचा सगळा विचार इथून सुरू करा.

रंगाचा घोळ

सर्वांत जास्त फसगत रंगात होते, आणि त्यावर आमच्याकडेही इलाज नाही. कापड एका वेळी ठरावीकच रंगतं. पुढच्या खेपेला तोच रंग घेतला तरी छटा थोडी सरकते. एका वेळी रंगवलेल्या अशा कापडाला धंद्यात ‘लॉट’ म्हणतात. इचलकरंजीत कापडात असलेल्या कुणालाही विचारा. फोटो एकच असतो, पण तो लावून माल विकणारे तीन-चार विक्रेते असू शकतात आणि प्रत्येकाचा माल वेगळ्या लॉटचा.

आमच्याकडे आलेल्या एका घरात असंच झालं. चार घागरे एकदम मागवले आणि पुण्याच्या बहिणीनं आठ दिवसांनी तोच फोटो बघून स्वतःचा मागवला. चार डाळिंबी आले, पाचवा विटकरीकडं झुकलेला. घरातल्या दिव्याखाली कुणाला कळलं नाही, अंगणात उजेडात उभ्या केल्यावर दिसलं. शेवटी कोल्हापूरजवळच्या गांधीनगरच्या कापडबाजारातून एकाच ताग्यातलं कापड आणून पाचही ओढण्या बदलल्या. नजर ओढणीवर गेली आणि वेळ निभावली. पण तो खर्च आणि ती धावपळ टळण्यासारखी होती.

म्हणून आधी एकच नग मागवा. तो आला की दिवसाच्या उजेडात बघा, आणि ज्या हॉलमध्ये लग्न आहे तसल्या पिवळ्या दिव्यातही बघा. पसंत पडला तर बाकीचे सगळे त्याच विक्रेत्याकडून, एकाच ऑर्डरमध्ये घ्या. नमुन्याचा नग उरलेल्यांशी जुळला नाही तर तो परत करता यावा, म्हणून त्याची मुदत संपायच्या आत बाकीचे हातात येतील असं बघा.

मापाचा घोळ

‘एम’ म्हणजे सगळीकडं एकच माप नव्हे. तक्त्यातला ३६ हा आकडा तुमच्या छातीचा आहे की शिवलेल्या ब्लाउजचा, ते नीट वाचा. ब्लाउजचं माप ३६ असेल आणि छातीही ३६ असेल तर श्वास घ्यायला जागा राहत नाही. काही तक्ते सेंटिमीटरमध्ये असतात. एक इंच म्हणजे २.५४ सेंटिमीटर.

‘सेमी-स्टिच्ड’ लिहिलेलं असलं की बहुतेक जण घागरा तयार आहे असं धरून चालतात. त्यात घागऱ्याची एक बाजू उघडी असते आणि ब्लाउजचं नुसतं कापड येतं, बहुधा ८० सेंटिमीटर. अंगानं भरलेल्या मुलीला लांब बाह्या हव्या असतील तर ते पुरत नाही. तयार ब्लाउज घेणार असाल तर आत दोन्ही बाजूंना किती दाब, म्हणजे शिवणीच्या आत जादा कापड, सोडलाय ते विक्रेत्याला विचारा. दाब असेल तर आम्ही ब्लाउज सैल करून देऊ शकतो. नसेल तर कापड कुठून आणायचं?

भरतकाम असलेला घागरा कमरेत दोन इंच कमी करणं ऐकायला सोपं वाटतं. पण शिवणीवर आलेले मणी-टिकल्या आधी हातानं उसवायच्या आणि नंतर पुन्हा हातानंच लावायच्या. असे सहा घागरे असतील तर निदान तीन आठवडे आधी आणा.

पैसे आणि परतावा

‘फक्त २ शिल्लक’ बघून घाई करू नका. खोटी टंचाई दाखवून घाई करायला लावणं हा ग्राहकाला फसवण्याचा प्रकार आहे, असं केंद्र सरकारच्या नोव्हेंबर २०२३ च्या मार्गदर्शक सूचनांत स्पष्ट म्हटलंय.

२०२० च्या ई-कॉमर्स नियमांप्रमाणे माल सदोष निघाला, वर्णनाप्रमाणे नसला किंवा सांगितलेल्या तारखेनंतर आला, तर विक्रेत्याला परत घ्यायला नकार देता येत नाही. मात्र माल वर्णनाप्रमाणेच असून नुसता अंगाला बसला नाही, तर विक्रेत्याच्या स्वतःच्या अटी लागतात, आणि मापं देऊन शिवून घेतलेला कपडा सहसा परत घेत नाहीत. त्या अटी पैसे भरायच्या आधी वाचा. पार्सल फोडताना लेबलपासून सलग व्हिडिओ काढा आणि अंगावर घालून बघितल्याशिवाय टॅग कापू नका. पत्ता न देता नुसता क्यूआर कोड पाठवणाऱ्याला सहा घागऱ्यांचे पैसे आगाऊ देऊ नका, फोटो कितीही देखणे असोत.

तक्रार केली तर ४८ तासांत पोच आणि महिनाभरात निवारण व्हायला हवं. तसं झालं नाही तर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर फोन करा. विक्रेता दिल्लीचा असो की सुरतेचा, तुम्ही कोल्हापुरात राहत असाल तर इथल्याच जिल्हा ग्राहक आयोगात दाद मागता येते, आणि पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला फी नाही. पण पैसे परत मिळाले तरी मुहूर्त थांबत नाही. लग्नाला दोन महिने असतानाच नमुना मागवा, तुळशीच्या लग्नानंतर लगेचचा मुहूर्त असेल तर गणपतीच्या सुमारास.

ऑर्डर देण्याआधी करवल्यांना दुकानात घेऊन या. कपडा कुठूनही घ्या, मापं आम्ही विनाशुल्क घेऊन प्रत्येकीच्या नावानं कागदावर लिहून देऊ. बाहेरगावची बहीण असेल तर तिला नीट बसणारा एक जुना ब्लाउज पाठवून द्यायला सांगा. आणि येताना लग्नात घालणार तीच चप्पल पायात असू द्या. सपाट कोल्हापुरी आणि तीन इंची टाच यात घागऱ्याची उंची बदलते.