मादी डास चावते, नर नाही: जीवशास्त्रीय वेबकॉमिक्सची पार्श्वभूमी

दिवसभर हिवताप पसरवून दमलेला नर डास संध्याकाळी घरी परततो आणि बायकोपुढे गाऱ्हाणं मांडतो, असं एक व्यंगचित्र अमेरिकेच्या गॅरी लार्सन यांनी काढलं होतं. त्यावर वाचकांची पत्रं आली: रक्त पिते ती मादी, नर डास चावतच नाही! डास घरात राहतात, कपडे घालतात, बोलतात, याबद्दल मात्र कोणाची तक्रार नव्हती. ही गंमत लार्सन यांनीच पुढे नोंदवून ठेवली.

आज इंटरनेटवर पेशी, जिवाणू, पक्षी, बेडूक यांच्यावर जी वेबकॉमिक्स फिरतात, त्यांचा सगळा विनोद या पत्रांतल्या अपेक्षेवर उभा आहे. कल्पना कितीही सैल सोडा, पण ज्या जीवशास्त्रावर विनोद बेतलाय ते चोख हवं.

सुरुवात अशी नव्हती. एकोणिसाव्या शतकात विनोद शास्त्रावर नसून शास्त्रज्ञावर होता. १८७१ साली ‘हॉर्नेट’ या लंडनच्या साप्ताहिकाने वानराच्या धडावर डार्विनचं दाढीवालं डोकं बसवलं. ते पाहून हसायला उत्क्रांती समजण्याची गरज नव्हती. माकड आपलं नातलग असल्याचा राग पुरेसा होता. पण दहा-अकरा वर्षांतच ‘पंच’ या लंडनच्या विनोदी साप्ताहिकाच्या १८८२च्या वार्षिकांकात लिन्ली सँबॉर्न यांनी गांडुळापासून माणसापर्यंतची वर्तुळाकार मिरवणूक काढली. गांडूळच का? कारण १८८१मध्ये डार्विनचं गांडुळांवरचं पुस्तक आलं होतं. व्यंगचित्रकार आता संशोधनाची खबर ठेवू लागला होता.

लार्सन यांची मालिका वर्तमानपत्रांत १९८० ते १९९५ चालली, आणि माझ्या मते खरं वळण इथेच आहे. शास्त्रज्ञ या विनोदाचे नुसते वाचक राहिले नाहीत. १९८२च्या एका चित्रात गुहेतला माणूस वर्ग घेताना स्टेगोसॉरस या डायनोसॉरच्या शेपटीवरच्या काट्यांना ‘थॅगोमायझर’ म्हणतो. त्या काट्यांनी मेलेल्या थॅग नावाच्या सोबत्याच्या स्मरणार्थ. या अवयवाला तोवर स्वतःचं नावच नव्हतं. १९९३मध्ये जीवाश्मतज्ज्ञ केन कार्पेंटर यांनी एका परिषदेत तो शब्द वापरला आणि तो रूढ झाला. १९८९मध्ये तर घुबडाच्या अंगावरच्या उवेच्या एका जातीला लार्सन यांचं नाव मिळालं. चेष्टा करणारा माणूस आपल्यातलाच आहे, ही शास्त्रज्ञांनी दिलेली पावती होती.

वर्तमानपत्राला मात्र सगळ्यांना कळेल असाच विनोद लागतो. पेशीतल्या तंतुकणिकेवरची (मायटोकाँड्रियावरची) कोटी रविवारच्या पानावर टिकणं अवघड. वेबने ही अट काढून टाकली: जगभर विखुरलेले काही हजार वाचकही पुरतात. १९९७मध्ये स्टॅनफर्डच्या विद्यार्थी-वृत्तपत्रातून सुरू झालेलं होर्हे चाम यांचं संशोधक विद्यार्थ्यांवरचं कॉमिक वेबवर पसरलं, २००५मध्ये रँडल मन्रो यांचं ‘एक्सकेसीडी’ हे विज्ञान-गणितावरचं वेबकॉमिक आलं. ‘तंतुकणिका म्हणजे पेशीचं ऊर्जाकेंद्र’ हे शाळेत घोकलेलं वाक्य तर जगभरच्या विद्यार्थ्यांचा सामायिक विनोद बनलं. त्याचं मूळ फिलिप सीकेविट्झ यांच्या १९५७च्या एका लेखाच्या शीर्षकात आहे.

वेग वाढला तशी जोखीमही वाढली. ‘द ओटमील’ या वेबकॉमिकचे मॅथ्यू इनमन यांनी मॅन्टिस श्रिंपवर एक कॉमिक केलं. हा समुद्री प्राणी दिसायला कोळंबीच्या जवळचा, पुढचे पाय खंडोबाच्या किड्यासारखे. आपल्या डोळ्यांत रंग ओळखणाऱ्या पेशी तीन प्रकारच्या, याच्या डोळ्यांत त्याहून कितीतरी जास्त. म्हणजे याला आपल्या कल्पनेपलीकडचे रंग दिसत असणार, असा त्याचा आनंदी सूर. लाखो लोकांना या प्राण्याचं नाव तिथेच पहिल्यांदा कळलं. पण २०१४ साली क्वीन्सलँड विद्यापीठातल्या हॅना थोएन आणि सहकाऱ्यांनी ‘सायन्स’मध्ये वेगळंच दाखवलं. योग्य रंगाच्या प्रकाशाकडे गेल्यास खाऊ, असं शिकवून त्यांनी या प्राण्यांची परीक्षा घेतली. दोन रंगांच्या प्रकाशाच्या तरंगलांबीत १ ते ४ नॅनोमीटरचा फरक असला तरी माणसाला तो कळतो. यांना १२ ते २५चा लागला. रंगांची बारीक तुलना करण्याऐवजी हा प्राणी प्रत्येक रंग झटकन ओळखून मोकळा होत असावा, असा त्यांचा अंदाज. मला हे स्पष्टीकरण त्या कल्पित इंद्रधनुष्यापेक्षाही विलक्षण वाटतं, आणि त्यावर आणखी चांगलं कॉमिक होऊ शकतं.

या परंपरेची एक ठळक शाखा आपल्या विदर्भात आहे. नागपूरचे रोहन चक्रवर्ती शिक्षणाने दंतवैद्य. नागझिऱ्याच्या जंगलात पाणवठ्यावर डुंबणारी वाघीण पाहिली आणि त्यांचं मन तिकडेच लागलं. २०१०मध्ये त्यांनी ‘ग्रीन ह्यूमर’ सुरू केलं. त्यात वाघाइतकाच मान बेडकाला आणि सापालाही आहे. २०१३मध्ये ‘युनिव्हर्सल यूक्लिक’ या अमेरिकी वितरण संस्थेने ते घेतलं. लार्सन यांची चित्रं १९८५पासून ज्या ‘युनिव्हर्सल प्रेस सिंडिकेट’तर्फे वर्तमानपत्रांत जात होती, तिचीच ही पुढची पिढी.